वर्मा नावाच्या घरातला इनामदार

आपल्या अंकांत वेदना असते, संताप असतो, मोर्चाची हकीगत असते. विनोदी नटावर लेख आला की आपलेच पोट्टे विचारतात, "काऊन बाप्पा, विषय संपले काय?" विषय संपलेले नाहीत. हा एक विषय आपण आजवर हातातच घेतला नाही. रडण्याचा कागद आपण लिहून भरवला आणि हसण्याचा कागद प्रस्थापितांच्या घरी तसाच राहू दिला. टीव्हीच्या पेटीत कोणाचं घर दाखवून देश हसवला जातो? त्या घराच्या दारावर पाटी कोणाची? आणि त्या घरात वावरणाऱ्या नटाचं खरं नाव काय? हे तपासणं हा रिकामटेकड्यांचा उद्योग नाही. म्हणून आज शफी इनामदार.

शफीचा जन्म २३ ऑक्टोबर १९४५चा, रत्नागिरी जिल्ह्यात, दापोली तालुक्यातल्या पांगारीचा. दापोली आपल्याला परकी नाही. रमाईंचं वणंद त्याच तालुक्यात. बाबासाहेबांचं आंबडवे शेजारच्या मंडणगड तालुक्यात. त्या मुलखातला हा मुसलमान पोरगा मुंबईत के. सी. कॉलेजात शिकला आणि नाटकाला लागला. हिंदी, गुजराती, मराठी, इंग्रजी अशा चारही भाषांच्या रंगभूमीवर त्यानं काम केलं, एकांकिका बसवल्या. इप्टाशी जोडला गेला. इस्मत चुगताईंचं 'नीला कमरा' केलं. पुढं 'हम' नावाची स्वतःची नाट्यसंस्था काढली. गोविंद निहलानींच्या 'विजेता' (१९८२) आणि 'अर्धसत्य' (१९८३) या चित्रपटांतून तो पडद्यावर आला. लग्न केलं भक्ती बर्वे यांच्याशी. म्हणजे पुलंच्या 'ती फुलराणी'तली मंजुळा. त्या नाटकात फुलं विकणाऱ्या पोरीची भाषा एक विद्वान गृहस्थ 'शुद्ध' करून दाखवतो. कोणाची बोली दुरुस्त करायची आणि ती दुरुस्त करायचा हक्क कोणाचा, हा प्रश्न वऱ्हाडातल्या माणसाला नवीन नाही. पुण्या-मुंबईत "तुमाले", "आमाले" तोंडातून निघालं की समोरचा आधी हसतो, मग आपलं म्हणणं ऐकतो.

आता १९८४ साल डोळ्यांपुढं आणा. १९८३मध्ये इन्सॅट-१बी उपग्रह वर गेला आणि पाठोपाठ दूरदर्शनची छोटी प्रक्षेपण केंद्रं देशभर धडाधड उभी राहू लागली. टीव्ही शहरातून तालुक्याच्या गावापर्यंत यायला लागला. तरी गावात पेट्या मोजक्याच. ज्याच्या घरी टीव्ही त्याच्या दारात गल्ली गोळा. पण सतरंजीवर आत कोण बसणार आणि दारातून, खिडकीतून मान लांब करून कोण पाहणार, हे अनेक गावांत न सांगता ठरलेलं असायचं. अशा दिवसांत 'ये जो है जिंदगी' ही मालिका आली. लेखन हिंदीतले व्यंगकार शरद जोशी यांचं. दिग्दर्शनात कुंदन शाह, म्हणजे ज्यांनी आदल्याच वर्षी 'जाने भी दो यारो' केला होता ते. त्या चित्रपटात 'खबरदार'ची संपादिका शोभा झाल्या होत्या भक्ती बर्वेच.

मालिकेत एक नवरा, एक बायको, आणि त्यांच्याकडे येऊन राहिलेला बायकोचा बेकार भाऊ. नवरा रणजित वर्मा म्हणजे शफी इनामदार. बायको रेणू म्हणजे स्वरूप संपत. मेव्हणा राजा म्हणजे राकेश बेदी. आणि सतीश शाह दर भागात नवं सोंग घेऊन दाराशी हजर. कथा म्हणावी अशी कथा नाही. पाहुणा येतो, गैरसमज होतो, नवऱ्याची फजिती होते, शेवटी सगळं जागच्या जागी. एवढंच. पण या एवढ्याशा गोष्टींवर लोक वेळ गाठून टीव्हीपुढं बसायचे.

आधी नट म्हणून शफीकडं पाहू. टाळी बहुतेक सतीश शाहला आणि राकेश बेदीला जायची, कारण सोंग त्यांचं. पण सोंग कोणाच्या तरी अंगावर येऊन आदळावं लागतं, तेव्हा ते विनोदी होतं. ज्याच्या अंगावर ते आदळायचं तो शफी. तो ऐकणारा नट होता. समोरचा काहीतरी अचाट बोलतो, शफी क्षणभर थांबतो, बायकोकडं पाहतो, मग अगदी साध्या आवाजात एक वाक्य टाकतो. तो थांबा नाटकातून आलेला. नाट्यगृहात हशा पिकला की पुढचं वाक्य अडवून धरावं लागतं, नाहीतर ते हशात वाहून जातं. ही कसोटी रंगमंचावर अंगात मुरते. कॅमेऱ्यापुढं प्रेक्षक नसतो, तरी शफी तो हशा मनातल्या मनात मोजून घ्यायचा. तोंड वेडंवाकडं करायचं नाही, पडायचं नाही, आपटायचं नाही. आपला राग आतल्या आत गिळणारा, महिन्याच्या पगारात बसणारा, बायकोवर प्रेम असलेला एक साधा माणूस त्यानं उभा केला. घराघरातल्या नवऱ्याला वाटलं, अरे, हा तर मीच.

मित्रहो, नेमकं इथंच थांबून पाहायला पाहिजे. 'हा तर मीच' असं देशानं ज्याला म्हटलं तो दापोलीकडचा मुसलमान होता. पण देशानं ते म्हटलं तेव्हा त्याचं नाव वर्मा होतं.

लगेच कोणी म्हणेल, नटानं दुसऱ्याचं नाव घेऊ नये काय? घ्यावं. तोच त्याचा धंदा. मुसलमान नटानं मुसलमानच रंगवावा, महार-मांगाच्या पोरानं पाटलाच्या पायाशी बसलेला गडीच रंगवावा, ही तर मनुस्मृतीची मागणी झाली. रंगमंच ही अशी जागा आहे की जन्माचं नाव चौकटीबाहेर ठेवून आत जाता येतं. शफीनं वर्मा रंगवला यात त्याचा विजय आहे, हे मी मोठ्यानं म्हणतो. आणि इनामदार हे काही पायदळी तुडवलेलं आडनाव नव्हे, त्या शब्दातच वतन बसलेलं आहे, हेही विसरायचं नाही. माझी तक्रार नटाशी नाही. ज्यानं घर बांधलं आणि पाटी लावली त्याच्याशी आहे.

त्या घराच्या पाट्या ओळीनं वाचा. मुंबई दूरदर्शनवर आधी चिं. वि. जोशींच्या चिमणरावाचं घर येऊन गेलं होतं. मग वर्मा. १९८८मध्ये 'वागळे की दुनिया', आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेतून आलेली. २००१मध्ये मराठीत 'श्रीयुत गंगाधर टिपरे'. सगळी कामं चांगली, नट नामांकित, माणसं गोड. माझ्या घरात आजही आवडीनं पाहतात. पण या ओळीत कांबळे कुठं आहे? वानखडे, इंगळे, तायडे कुठं आहेत? शेख, पठाण कुठं आहेत? ते मालिकांत येतात. पण घरमालक होऊन येत नाहीत. हवालदार होऊन येतात, ड्रायव्हर होऊन येतात, एखाद्या भागात दुःख घेऊन येतात आणि तो भाग संपला की जातात.

याच कुंदन शाहनं सईद मिर्झासोबत १९८६मध्ये 'नुक्कड' केलं. तिथं मात्र वेगळी माणसं दिसली. सायकल दुरुस्तीवाला हरी, इलेक्ट्रिशियन गुरू, दारुडा खोपडी, घनशू भिकारी, गणपत हवालदार आणि हॉटेलवाला कादरभाई. कादरभाई रंगवला अवतार गिल यांनी. म्हणजे गिल कादर झाला, इनामदार वर्मा झाला. नटाच्या दुनियेत नावं अशी बिनदिक्कत इकडून तिकडं जातात, आणि तसंच पाहिजे. पण पात्रांकडं पाहा. वर्माला फ्लॅट मिळाला. कादरभाईला चौक मिळाला. एकाला चार भिंती, दिवाणखाना, बायकोशी लाडीगोडीचं भांडण. दुसऱ्यांना रस्त्याचा कोपरा. रस्त्यावरच्या माणसांना माणूस म्हणून दाखवलं हे 'नुक्कड'चं मोठेपण आहेच. तरी गरीब माणूस काय फक्त रस्त्यावर राहतो? त्याला घर नसतं? त्याच्या घरात मेव्हणा येऊन ठाण मांडत नाही? भाजीत मीठ जास्त पडत नाही?

आता शफीचं दुसरं काम पाहा, 'अर्धसत्य' मधलं. कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा विजय तेंडुलकरांची. ओम पुरीचा अनंत वेलणकर हा फौजदार आतून पेटलेला. शफी त्याचा वरिष्ठ, हैदर अली. इथं त्याला मुसलमान नाव मिळालं. हा हैदर अली काय करतो? वेलणकरला सांभाळून घेतो. खात्यात टिकायचं कसं, कोणाला कुठून सांगायचं, कुठं मान खाली घालायची, हे त्याला ठाऊक आहे. टीकाकारांनी वेलणकरच्या संतापावर पानंच्या पानं लिहिली. हैदर अलीच्या शहाणपणाकडं कमी लोकांचं लक्ष गेलं. मला विचाराल तर ते शहाणपण नावातून आलेलं आहे. वेलणकरला भडकणं परवडतं, निदान भडकायची मुभा आहे. हैदर नावाच्या माणसाला या खात्यात प्रत्येक पायरी मोजूनच चढावी लागली असणार. पटकथेत हे कोणी बोलून दाखवत नाही. शफी ते डोळ्यांतून आणि दबक्या आवाजातून सांगतो. वर्माच्या घरात जो थांबा हशा आणतो, तोच थांबा इथं अंगावर काटा आणतो. नट एकच, थांबा एकच.

म्हणजे आपल्यापुढं दोन माणसं आहेत. नाव हैदर असलं की समंजस आणि सावध. नाव वर्मा असलं की मोकळा आणि सामान्य. शफी दोन्ही होऊ शकत होता. व्यवस्थेनं मात्र सामान्यपणा एकाच नावाला दिला. विनोदी मालिका वरून पोरखेळ वाटते, पण ती एक दाखला देत असते. अमुक कुटुंब हे साधं कुटुंब, सर्वांसारखं, असा तो दाखला असतो. आपल्या घरांना तो अजून मिळायचा आहे. आपलं घर दिसलं की लगेच 'प्रश्न' दिसतो, 'समस्या' दिसते. आपल्या मायबापांनी मार खाल्ला हे खरं. पण मार खाऊन घरी आल्यावर त्याच रात्री ते एखाद्या गोष्टीवर पोट धरून हसले, हेही तितकंच खरं. ते कोण लिहिणार?

आडनावाचा हा खेळ आपल्याला चांगला कळतो. शहरात खोली भाड्यानं घेताना आडनाव चाचरत सांगणारी, नाहीतर बदलून टाकणारी पोरं आपल्यात आहेत. त्यांना मी दोष देत नाही. पण दारावर उसनी पाटी लावून घर मिळत असेल तर ते घर अर्धंच मिळालं.

वऱ्हाडी बोलीचंही तेच झालं. अमरावतीकडचा भारत गणेशपुरे वऱ्हाडी बोलत टीव्हीवर आला, 'चला हवा येऊ द्या'मधून घरोघर पोचला. बोली पडद्यावर गेली, ही कमाई त्याची आहे. पण अजून ती बोली हसू आणायला येते. त्या बोलीत एखादा बाप पोरीच्या नोकरीची काळजी करतो, एखादी बाई नवऱ्याला हिशेब विचारते, असं साधं घर रोज दिसायला लागेल तेव्हा खरं.

आणि विनोद आपल्याला परका आहे असं कोणी सांगू नये. भीमराव कर्डकांच्या आंबेडकरी जलशानं तमाशाचा साचा घेऊनच लोकांना हसवत हसवत जागं केलं. प्रेमानंद गज्वींची 'घोटभर पाणी' (१९७७) पाहा. दोन माणसं, तहान, आणि तिच्यात उपहासाची धार. दत्ता भगतांचं 'वाटा-पळवाटा' तर घराच्या दिवाणखान्यातच घडतं. आपल्या रंगभूमीला घर माहीत आहे, उपहास माहीत आहे. तो टीव्हीच्या त्या चौकटीत नेणं तेवढं राहिलं.

शफीनं १९८८मध्ये गुलजारांच्या 'मिर्झा गालिब'मध्ये शायर जौक रंगवला. १९९५मध्ये 'हम दोनो' हा चित्रपट दिग्दर्शित केला. १३ मार्च १९९६ला हृदयविकारानं तो गेला. वय अवघं पन्नास. त्याच दिवशी कलकत्त्यात भारत-श्रीलंका विश्वचषकाचा उपांत्य सामना चालू होता आणि सगळा देश टीव्हीपुढं बसला होता.

चांदूर बाजारच्या पोट्ट्यांनो, शाळेच्या गॅदरिंगमध्ये, जयंतीच्या स्टेजवर तुम्ही नाटकं बसवता. त्यात एक तरी असं बसवा की त्यात कोणी मरत नाही, कोणी भाषण ठोकत नाही. एक घर दाखवा. नवरा, बायको, फुकट खाणारा मेव्हणा. बोली आपली, भिंतीवर फोटो आपले, दारावर पाटी वानखडेची नाहीतर शेखची. शफीसारखा एक ऐकणारा नट शोधा आणि त्याला थांबायला शिकवा. लोक हसतील तेव्हा नीट पाहा, ते आपल्याला हसतात की आपल्यासोबत हसतात. सोबत हसले तर आपलं घर साधं झालं म्हणून समजा.