एक शेत, तीन प्रकरणे : पुणे गॅझेटियरमधील भीमथडी आणि शिरूर

दौंड जंक्शनवर लहानपणी एक दृश्य रोज दिसे. पुण्याहून आलेली मनमाडकडची गाडी थांबली की इंजिन सुटायचे, दुसऱ्या टोकाला जाऊन लागायचे आणि गाडी आल्या दिशेने परत निघाल्यासारखी निघायची. पुणे ते डिकसळ हा लोहमार्ग १८५८ च्या डिसेंबरात सुरू झाला. मनमाडचा फाटा त्याला वीस वर्षांनी, १८७८ मध्ये जोडला गेला. माझे आजोबा शिरूर तालुक्यातली कोरडवाहू जमीन सोडून याच जंक्शनवर हमालीला आले. ‘दौंड रेल्वेने वसवले’ हे वाक्य मी घरीदारी ऐकत वाढलो. पन्नाशी उलटल्यावर, कुठल्याही विद्यापीठाचा आधार नसताना, जुने सरकारी ग्रंथ वाचू लागलो, ते या वाक्याची शहानिशा करण्यासाठी.

‘रेल्वेने वसवले’ ही भाषा खरी शोभते ती अमेरिकेला. तिथे १८६२ मध्ये दोन कायदे झाले. एकाने प्रत्यक्ष जाऊन राहणाऱ्या आणि जमीन कसणाऱ्या कुटुंबाला १६० एकर देऊ केले. दुसऱ्याने पॅसिफिककडे जाणाऱ्या रेल्वे कंपन्यांना रुळाच्या दोन्ही बाजूंची जमीन एकाआड एक चौकोनांत बहाल केली. अशा अनुदानांतून कंपन्यांच्या हाती कोट्यवधी एकर जमीन आली. ती विकायची, तर गिऱ्हाईक हवे आणि मालाची वाहतूक हवी, तर शेतकरी हवा. म्हणून कंपन्यांनी जमीनविक्रीची खाती उघडली, युरोपात दलाल पाठवले, भडक जाहिराती छापल्या. १८७४ मध्ये रशियातले मेनोनाइट शेतकरी कॅन्ससला आले, त्यांना आणण्यात सांता फे कंपनीचा मोठा वाटा होता. ही जमीन ओसाड नव्हती. ती मूळ रहिवाशांकडून हिसकावलेली होती. पुढे शेतकरी आणि कंपन्याही हातघाईवर आल्या. फ्रँक नॉरिस यांची ‘द ऑक्टोपस’ (१९०१) ही कादंबरी त्याच संघर्षावर आहे. तरीही एक गोष्ट खरी की, तिथल्या रेल्वेला शेतकऱ्याची गरज होती.

आपल्याकडच्या ग्रेट इंडियन पेनिन्शुला कंपनीला ती गरज तेवढी नव्हती. १८४९ च्या करारानुसार तिला रुळांपुरती जमीन फुकट मिळाली आणि गुंतवलेल्या भांडवलावर पाच टक्के व्याजाची सरकारी हमी मिळाली. विकायला जमीन नाही; मालाचे डबे भरोत वा रिकामे धावोत, भागधारकाचे व्याज ठरलेले. कमी पडेल ते सरकारी तिजोरीतून, आणि त्या तिजोरीत सर्वांत मोठी भर शेतसाऱ्याची. भीमथडीच्या रयतेला रेल्वेने जमीन दिली नाही; उलट रेल्वेच्या हमीचा भार तिच्या जमिनीवरही पडला.

हे सगळे १८८५ च्या पुणे गॅझेटियरमध्ये आहे. माझा आक्षेप मांडणीवर आहे. जेम्स कॅम्पबेल यांच्या देखरेखीखाली झालेला हा ग्रंथ आजही आपल्या प्रत्येक स्थानिक इतिहासाचा पाया आहे, आणि त्याची मेहनत पाहून मी अनेकदा थक्क झालो आहे. पण त्यात रेल्वे येते ती ‘व्यापार’ या प्रकरणात, साऱ्याची फेरआकारणी येते ‘जमीन’ या प्रकरणात, आणि १८७५ चे दंगे येतात ‘भांडवल’ या प्रकरणात, सावकारीच्या चर्चेत. एकाच शेतावर जे एकामागून एक घडले, ते तीन ठिकाणी विखुरले आहे. वाचणारा व्यापाराच्या प्रकरणातून प्रगती घेऊन बाहेर पडतो आणि भांडवलाच्या प्रकरणातून कुणबी-मारवाडी भांडण घेऊन.

ही प्रकरणे सालवार लावून पाहू. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने कर्जरोख्याची मुदत तीन वर्षांवर आणली. हेतू रयतेच्या रक्षणाचा होता. पण सावकार दर तीन वर्षांनी व्याज मुद्दलात मिळवून नवा रोखा लिहून घेऊ लागले. १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी पेटली, तिथला कापूस अडला आणि इथला कडाडला. १८६३ मध्ये बोरघाटाचा रेल्वेमार्ग खुला होऊन दख्खनचा माल थेट मुंबईला उतरू लागला. भीमथडी ज्वारी-बाजरीचा मुलूख. पण चढे भाव आणि सैल कर्ज तिथेही पोचले. १८६५ मध्ये यादवी संपली, कापूस कोसळला, सावकारांनी हात आखडले. आणि नेमक्या याच उतरणीत, १८६७ मध्ये इंदापूरची आणि त्यानंतर भीमथडीची तीस वर्षांची आकारणी संपून फेरतपासणी झाली. सारा वाढवताना दिलेल्या कारणांत दोन ठळक होती : वाढलेले भाव आणि जवळून गेलेली रेल्वे. भाव उतरले तरी सारा उतरला नाही. पुण्याच्या सार्वजनिक सभेने रयतेच्या बाजूने आवाज उठवला. १८७४ मध्ये सरकारने मर्यादा घातली : तालुक्यावर ३३, एका गावावर ६६ आणि एका खातेदारावर १०० टक्क्यांपेक्षा अधिक वाढ नको. जी मर्यादा दुप्पट सारा चालवून घेते, तिच्यावरूनच आधीच्या वाढीची कल्पना यावी.

त्याच वर्षाच्या डिसेंबरात शिरूर तालुक्यातल्या करडे गावी काळूराम या सावकाराने हुकूमनाम्याच्या जोरावर बाबासाहेब देशमुखांचे घर पाडायला काढले आणि गावाने सावकारांवर बहिष्कार टाकला. १२ मे १८७५ रोजी सुप्याच्या बाजारात खतपत्रे जळाली.

इथे माझ्याच युक्तिवादाला एक अडचण आहे. करड्याला रेल्वे नव्हती. शिरूर तालुक्यातून ती आजही जात नाही. तेव्हा दंगे रेल्वेने घडवले असे म्हणणे भाबडेपणाचे ठरेल. नील चार्ल्सवर्थ यांनी तर १९७२ मध्ये या दंग्यांचा आवाका फुगवून सांगितला गेल्याचे दाखवले, आणि त्यांचे बरेचसे म्हणणे मला पटते. पण दंगा लहान ठरला म्हणून त्यामागचा ताण लहान ठरत नाही. दंगा आयोगातही ऑक्लंड कॉल्विन यांनी वेगळे टिपण लिहून साऱ्याच्या वाढीकडे बोट दाखवले होते. १८७९ चा शेतकरी साहाय्य कायदा मात्र प्रामुख्याने सावकाराला आवर घालणारा झाला. साऱ्याचे प्रकरण बाजूलाच राहिले.

मधल्या काळात १८७६ चा दुष्काळ पडला. दौंड-मनमाड मार्गाचे मातीकाम दुष्काळी काम म्हणून निघाले. कॅन्ससमध्ये शेतकरी रेल्वेने येऊन जमिनीवर बसला. आपल्याकडे जमिनीवरून उठलेला शेतकरी घमेले घेऊन रेल्वेच्या भरावावर आला. अमेरिकेच्या उपमेत दौंड बसत नाही ते इथे.

म्हणून ‘दौंड रेल्वेने वसवले’ हे वाक्य मी आता अर्धेच मान्य करतो. लोको शेड, वसाहत, पगार, शाळा हे रेल्वेने दिले. माझे शिक्षणही त्याच कमाईतले आहे आणि ते मी नाकारत नाही. पण वसायला आलेली माणसे कुठून उठली, हे व्यापाराच्या प्रकरणात सापडत नाही. तालुक्यांचे इतिहास नव्याने लिहू पाहणाऱ्या मित्रांना एवढेच सुचवतो : गॅझेटियरवर विसंबा, पण त्याची प्रकरणे तशीच उचलू नका. एखादे गाव घ्या आणि त्याची रेल्वे, त्याचा सारा आणि त्याचे कर्ज एकाच पानावर मांडा. आजोबांनी जमीन का सोडली, हे त्यांनी कधी सांगितले नाही. मी शिरूरच्या त्या एका गावापासून सुरुवात केली आहे.