पिलबीम, नोव्हा

(१५ नोव्हेंबर १९१९ – १७ जुलै २०१५). ब्रिटिश चित्रपट-अभिनेत्री. जन्म लंडनच्या विंबल्डन भागात. वडील नाट्यव्यवस्थापक असल्याने बालपणीच तिचा रंगभूमीशी संबंध आला. गोमाँ-ब्रिटिश या संस्थेच्या, बेर्टोल्ट फिर्टेल दिग्दर्शित लिट्‌ल फ्रेंड (१९३४) या बोलपटात आईवडिलांच्या कलहात होरपळणारी मुलगी तिने साकार केली. याच सुमारास हॉलिवुडमध्ये शर्ली टेंपलच्या हसऱ्या, नाचऱ्या बालभूमिका लोकप्रिय होत होत्या. पिलबीमचा पिंड याहून वेगळा होता. मोठ्यांचे बोलणे मुकाट्याने ऐकणाऱ्या मुलाच्या मनावरील ताण ती लाडिकपणाचा आश्रय न घेता व्यक्त करी.

आल्फ्रेड हिचकॉकने या गुणाचा नेमका उपयोग केला. द मॅन हू न्यू टू मच (१९३४) मधील अपहृत मुलगी अखेरीस आईवडिलांकडे परतते, तेव्हाही तिच्या चेहऱ्यावर आनंदापेक्षा भीतीच अधिक दिसते. त्यामुळे सुखान्त शेवटही कृत्रिम वाटत नाही. ट्यूडर रोझ (१९३६) मधील लेडी जेन ग्रेच्या भूमिकेत सत्तेच्या डावात बळी पडणाऱ्या मुलीचे अजाणपण तिने प्रत्ययकारी केले. मात्र संवादांच्या उदात्त वळणामुळे तिचा अभिनय काही ठिकाणी पाठांतराकडे झुकतो.

यंग अँड इनोसंट (१९३७) ही तिची सर्वोत्तम कामगिरी होय. नृत्यगृहावरून सरकत खुन्याच्या फडफडणाऱ्या पापण्यांवर स्थिरावणाऱ्या कॅमेऱ्याचीच चर्चा या चित्रपटाच्या संदर्भात प्रायः होते. तथापि कथेची विश्वसनीयता नायिकेवर अवलंबून आहे. ही नायिका पोलीस-प्रमुखाची कन्या असून संशयितावर तिचा हळूहळू विश्वास बसतो. जेवणाच्या टेबलावर भावंडे फरारी माणसाविषयी बोलत असता तिच्या मौनातच हे परिवर्तन दिसते. चित्रीकरणाच्या वेळी ती अवघी सतरा वर्षांची होती.

रिबेका (१९४०) या चित्रपटासाठी निर्माता डेव्हिड सेल्झनिक तिला अनुकूल होता; परंतु ती भूमिका जोन फाँटेनला मिळाली. १९३९ मध्ये तिने दिग्दर्शक पेन टेनिसनशी विवाह केला. १९४१ मध्ये तो विमान-अपघातात मरण पावला. नंतरच्या तिच्या चित्रपटांना पूर्वीची उंची लाभली नाही. १९४८ नंतर ती पडद्यावरून निवृत्त झाली. बालतारका म्हणून मिळालेल्या कीर्तीमुळे तिच्यातील प्रौढ अभिनेत्रीला साजेशा भूमिका ब्रिटिश चित्रव्यवसायाने शोधल्या नाहीत; तिच्या अल्प कारकीर्दीचे मूल्यमापन करताना ही मर्यादा तिची नव्हे, तर त्या व्यवसायाची मानावी लागते.