हातोडा पडण्याआधीचा लिलाव

सरकारी जमिनीचा लिलाव नीट झाला की नाही, हे आपण कसं ठरवतो? साधारण तीन प्रश्न विचारतो. जाहिरात दिली होती का? निविदा सर्वांसमोर उघडल्या का? जास्त बोली लावणाऱ्यालाच जमीन मिळाली का? तिन्हींना ‘हो’ आलं की आपण समाधान मानतो. माझं म्हणणं आहे की हे प्रश्न हवेतच, पण ते पुरत नाहीत. उदाहरणासाठी लांब जायला नको. गिरणगाव घेऊ.

२००५ साली एनटीसीने, म्हणजे केंद्र सरकारच्या राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाने, मुंबईतल्या पाच गिरण्यांच्या जमिनी निविदा मागवून विकल्या. ज्युपिटर, अपोलो, एल्फिन्स्टन, मुंबई टेक्स्टाइल आणि कोहिनूर क्रमांक ३. मिळून सुमारे २,०२० कोटी रुपये आले, त्यात एकट्या मुंबई टेक्स्टाइलचे ७०२ कोटी. आजारी गिरण्यांचं पुनर्वसन आणि कामगारांची देणी यांसाठी हा पैसा हवा होता, हेही मान्य करू. वरचे तीन प्रश्न लावले तर महामंडळ पास होतं.

पण आता चौथा प्रश्न. विकलं नेमकं काय?

१९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीत ५८ वा नियम होता. गिरणीची जमीन विकसित करायची तर ढोबळमानाने एक तृतीयांश महापालिकेला मोकळ्या जागेसाठी, एक तृतीयांश म्हाडाला घरांसाठी आणि उरलेली मालकाला. २००१ मध्ये या नियमात बदल झाला. वाटणी कशाची करायची? तर फक्त आधीपासून मोकळ्या असलेल्या जागेची. गिरणीची इमारत पाडून जी जमीन रिकामी होईल, ती हिशेबाबाहेर. आता गिरणी म्हणजे काय मैदान असतं? बहुतेक जागेवर शेड उभ्या! त्यामुळे शहराचा वाटा आक्रसला आणि मालकाचा फुगला. चार वर्षांनी बोली लागली ती या फुगलेल्या वाट्यावर.

यावर याचिका झाली. ऑक्टोबर २००५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने याचिकाकर्त्यांच्या बाजूने निकाल दिला. मार्च २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो फिरवला. नियमही टिकला, विक्रीही टिकली. याचिका उशिरा आली, याचाही त्या निकालात विचार झाला.

माझा आक्षेप इथे आहे. खरेदीदारांनी पैसे गुंतवले होते, त्यांची बाजू खोटी नव्हती. पण हा उशीर कुठून येतो, ते बघा. बोली लावणाऱ्याला अटी छापील मिळतात, मुदत मिळते, शंका विचारता येतात. नागरिकाला काय मिळतं? नियम बदलताना नगररचना कायद्याच्या कलम ३७ खाली हरकती-सूचनांची संधी असते. पण एका शब्दाने शहराची किती जमीन जाणार, हे त्या सूचनेतून सामान्य माणसाला कसं कळावं? ते कळतं विक्रीचे आकडे बाहेर आल्यावर. आणि तेव्हा त्याला सांगायचं, उशीर झाला!

१९७९ साली, मुंबई विमानतळावरच्या एका उपाहारगृहाच्या निविदेच्या खटल्यात, सर्वोच्च न्यायालयाने फार मोलाचं तत्त्व सांगितलं: सरकारने स्वतः जाहीर केलेले निकष सरकारने पाळलेच पाहिजेत. रमण दयाराम शेट्टी खटला तो. तरीही त्या याचिकाकर्त्याला दिलासा मिळाला नाही. त्याच्याही वाट्याला उशिराचं कारण आलंच.

शिवाय हे तत्त्व जाहीर झालेल्या अटींपासून सुरू होतं. अटी जाहीर होण्याआधी जे घडतं, ते त्याच्या टप्प्यात येत नाही.

म्हणून मागणी साधी आहे. जमीन-वापराचा नियम बदलताना सरकारने प्रत्येक भूखंडाचा हिशेब मांडावा: आज जनतेचा वाटा किती, उद्या किती. मराठीत, आकड्यांत. आणि विक्रीच्या जाहिरातीत तोच हिशेब परत छापावा.

उद्या तुमच्या शहरात सरकारी जमिनीच्या लिलावाची बातमी आली, तर किंमत वाचून थांबू नका. त्या जमिनीचा नियम शेवटचा कधी बदलला, ते आधी विचारा. हातोडा पडण्याआधीच एक लिलाव होऊन गेलेला असतो, आणि त्यात बोली लावायला आपल्याला कुणी बोलावलेलं नसतं.

आता प्रश्न घेऊ.