दोन तारखांमधले तीन महिने

मॉरिशसमध्ये इतिहासाच्या नावाने दोन सार्वजनिक सुट्ट्या असतात. 1 फेब्रुवारीला गुलामगिरी संपल्याची आठवण काढली जाते आणि 2 नोव्हेंबरला हिंदुस्थानातून करारबद्ध मजूर आल्याची. पहिली तारीख 1835 सालची, दुसरी 1834 सालची. आपल्याकडे गिरमिटियांविषयी जे लिहिले जाते, त्यात घटनांचा क्रम बहुधा असा असतो: गुलाम मुक्त झाले, त्यांनी उसाचे मळे सोडले, मळेवाल्यांना माणसे मिळेनात, म्हणून हिंदुस्थानी मजूर आणावे लागले. तारखा मात्र वेगळेच सांगतात. ‘ॲटलस’ हे जहाज 36 मजुरांना घेऊन पोर्ट लुईला लागले, तेव्हा बेटावरचे गुलाम अजून गुलामच होते. कायद्याने मुक्त झाल्यावरही ‘शिकाऊ उमेदवार’ या नावाखाली 31 मार्च 1839 पर्यंत त्यांना जुन्याच मालकाकडे राबावे लागले. तोवर 20 हजारांहून अधिक हिंदुस्थानी बेटावर येऊन दाखल झाले होते. म्हणजे जागा रिकामी होण्याआधीच ती भरण्याची सोय झालेली होती.

हा केवळ सनावळीचा वाद नव्हे. प्रचलित क्रमात मुक्त झालेला गुलाम हा काम टाकून निघून गेलेला माणूस ठरतो आणि हिंदुस्थानी मजूर हा त्याच्या जागी आलेला कष्टाळू माणूस. मळेवाल्यांनी त्या काळी हीच गोष्ट लंडनला कळवली होती. दीडशे-पावणेदोनशे वर्षांनंतर आपण ती अभिमानाने सांगतो, तेव्हा आपण कोणाचे म्हणणे सांगतो आहोत, हे तपासले पाहिजे. मॉरिशसच्या गुलामगिरीचे इतिहासकार काय करतात, कसे करतात आणि आपण हिंदुस्थानी वाचक त्यातले काय उचलतो, हा या लेखाचा विषय आहे.

मागची हकीकत थोडक्यात अशी. डच आले आणि 1710 मध्ये बेट सोडून गेले. मग ते फ्रेंचांनी घेतले आणि 1810 मध्ये इंग्रजांनी फ्रेंचांकडून जिंकले. फ्रेंच अमलात मादागास्कर, आफ्रिकेचा पूर्व किनारा आणि हिंदुस्थान या तिन्ही दिशांनी गुलाम आणले गेले. इंग्रजांनी गुलामांचा व्यापार 1807 मध्येच बेकायदा ठरवला होता, तरी मॉरिशसमध्ये तो चोरून चालूच राहिला. बेट ताब्यात घेताना रहिवाशांचे कायदे आणि चालीरीती राखण्याचे वचन इंग्रजांनी दिले होते, आणि ‘रहिवासी’ या शब्दात गुलाम येत नव्हते.

इतिहासकाराची पहिली अडचण कागदाची आहे. गुलामाच्या स्वतःच्या हातचा कागद जवळजवळ नाही. जे आहे ते त्याच्याविषयी इतरांनी लिहिलेले: खरेदीखते, मृत्युपत्रे, कोर्टाचे जबाब, पळून गेलेल्यांच्या नोंदी. 1723 च्या ‘कोड न्वार’ या फ्रेंच कायद्यात पळण्याच्या शिक्षा क्रमाने दिल्या आहेत: पहिल्यांदा कान कापणे आणि डाग देणे, दुसऱ्यांदा पायाची शीर तोडणे, तिसऱ्यांदा मृत्यू. गुलाम किती वेळा पळू शकतात, याचा अंदाज कायदा लिहिणाऱ्यांनी आधीच बांधला होता, एवढे तरी या कलमावरून कळते. अशा कागदातून असे काढून घेणे हेच या इतिहासकारांचे मुख्य काम.

मेगन वॉन यांचे ‘क्रिएटिंग द क्रिओल आयलंड’ (2005) हे पुस्तक अठराव्या शतकातल्या कोर्टाच्या दफ्तरांवर उभे आहे. जबाब फ्रेंच कारकुनाने फ्रेंचमध्ये उतरवलेले. बोलणारा वेगळ्याच भाषेचा. त्या दोहोंमध्ये काय गळाले असेल, याचे भान वॉन सोडत नाहीत. विजया तिलक यांच्या ‘बिटर शुगर’ (1998) मध्ये काळ पुढचा आहे, साखरेच्या भरभराटीचा. गुलामांच्या तक्रारी ऐकण्यासाठी सरकारी रक्षक नेमला गेल्यावर फटके, अपुरे अन्न, सुट्टीच्या दिवशीचे काम यांविषयीची गाऱ्हाणी नोंदली जाऊ लागली. मला या दोन पुस्तकांतले तिलक यांचे अधिक महत्त्वाचे वाटते, कारण त्यात गुलाम हा नुसता सोसणारा राहत नाही. तो तक्रार करतो, म्हणजे आपल्याला काही देणे लागते असे तो धरून चालतो. वॉन यांच्या पुस्तकाची भाषा अधिक देखणी आहे, पण काही ठिकाणी तिथे माणसापेक्षा ‘ओळखी’ची चर्चाच मोठी होते.

गुलामांच्या नोंदवह्यांची गोष्ट आणखी गुंतागुंतीची आहे. चोरटा व्यापार रोखायचा तर बेटावर कोण गुलाम आहे याची यादी हवी, म्हणून 1815 पासून मालकांना नोंदी करायला लावल्या गेल्या. नाव, वय, काम, मूळ ठिकाण. मूळ ठिकाणाच्या रकान्यात ‘मोझांबिक’ असे लिहिले की आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्याचा कुठलाही माणूस त्यात बसे. (ज्या मोझांबिकचे नाव त्यांना चिकटले, त्याचा कारभार 1752 पर्यंत गोव्याहून चालत होता.) मुक्तीच्या वेळी अशाच वह्यांच्या आधारे भरपाईचा हिशेब झाला. ब्रिटिश पार्लमेंटने मंजूर केलेल्या 2 कोटी पौंडांपैकी 20 लाखांहून अधिक मॉरिशसच्या मालकांना मिळाले, सुमारे 66 हजार माणसांबद्दल. त्या माणसांना काही मिळाले नाही. गुलामगिरी आवरण्यासाठी काढलेली वही शेवटी मालकाच्या पावतीच्या कामी आली. जे संख्येवर विसंबतात आणि जे संख्येला नाके मुरडतात, त्या दोन्ही प्रकारच्या इतिहासकारांनी हे ध्यानात ठेवायला हवे. ती संख्या खरी आहे, पण ती मालकांच्या देण्यासाठी मोजलेली आहे.

मग गुलामगिरी संपली कशामुळे? एरिक विल्यम्स यांनी ‘कॅपिटॅलिझम अँड स्लेव्हरी’ (1944) मध्ये कॅरिबियन बेटांविषयी मांडलेले उत्तर प्रसिद्ध आहे: धर्मबुद्धीपेक्षा अर्थकारणाने गुलामगिरी संपवली, कारण जुने ऊसमळे उतरणीला लागले होते. मॉरिशसमध्ये हे उत्तर जसेच्या तसे लागू पडत नाही. 1825 मध्ये तिथल्या साखरेला ब्रिटिश बाजारात कॅरिबियन साखरेच्या बरोबरीची जकात लागू झाली आणि त्यानंतर तिथला ऊस वाढतच गेला. बक्स्टन यांच्यासारखे खासदार मॉरिशसच्या चोरट्या व्यापाराविरुद्ध बोलत होते ते नेमके याच भरभराटीच्या काळात. जॉन जेरेमी हे गुलामगिरीविरोधी सरकारी वकील 1832 मध्ये बेटावर उतरले, तेव्हा मळेवाल्यांनी दुकाने बंद पाडून त्यांना परत पाठवले. त्या मळेवाल्यांचे पुढारी आद्रियँ देपिने यांचा पुतळा आजही पोर्ट लुईच्या बागेत आहे. वृत्तपत्र-स्वातंत्र्याचे कैवारी म्हणूनही त्यांचे नाव घेतले जाते. मालकांना गुलामगिरी तोट्याची वाटत नव्हती. नव्या मजुरांची आणि भरपाईची खात्री मिळेपर्यंत ते ती सोडायला तयार नव्हते, असे मला यातून दिसते. म्हणूनच त्या तीन महिन्यांना महत्त्व आहे.

इथे ह्यू टिंकर यांच्या ‘अ न्यू सिस्टिम ऑफ स्लेव्हरी’ (1974) या ग्रंथाकडे वळले पाहिजे. ‘गुलामगिरीची नवी पद्धत’ हे शब्द टिंकर यांचे नव्हेत. 1840 मध्ये लॉर्ड जॉन रसेल या ब्रिटिश मंत्र्याने करारबद्ध मजुरीविषयी ते भीती म्हणून वापरले होते. टिंकर यांनी ती भीती खरी ठरल्याचे दाखवले. मरिना कार्टर यांनी पुढे मजुरांच्याच अर्जांतून आणि पत्रांतून दाखवून दिले, की हे लोक केवळ फसवून आणलेले नव्हते. परत जाणारे, पुन्हा येणारे, गावच्या माणसांना बोलावून घेणारेही त्यांत होते. रिचर्ड ॲलन यांनी 1999 च्या पुस्तकात गुलाम, मुक्त झालेले आणि करारबद्ध मजूर यांना एकाच चौकटीत आणले. मुक्त झालेल्यांपैकी अनेकांनी पैसे साठवून जमिनीचे छोटे तुकडे घेतले होते, हे त्यांनी दाखवले. ‘काम टाकून गेले’ या कथेला त्याने तडा जातो. पळालेल्या गुलामाला धरण्याचे तंत्र पुढे कामावरून गैरहजर हिंदुस्थान्याला धरण्यासाठी कसे वापरले गेले, तेही त्यातून कळते.

टिंकर यांच्या शीर्षकाने आपल्या लोकांच्या हालांना नाव दिले, हे मोठे काम झाले. पण आपण ते शीर्षक फार सोयीने उचलले. ‘नवे गुलाम’ म्हणताना जुने गुलाम तुलनेच्या पायरीसारखे वापरले जातात आणि वर चढल्यावर मागे राहतात. कागदांनीही याला हातभार लावला. मोका इथल्या महात्मा गांधी इन्स्टिट्यूटमध्ये हिंदुस्थानी मजुरांचे दफ्तर आहे. त्यात नाव, गाव, जात, जहाज आणि 1860 च्या दशकापासून छायाचित्रेही सापडतात. रत्नागिरीकडून गेलेल्या मराठी कुटुंबाच्या वंशजाला आपले गाव शोधता येते. क्रिओल कुटुंबाला ‘मोझांबिक’ या शब्दापलीकडे बहुधा जाता येत नाही. साहित्यही कागदांच्या मागे गेले. अभिमन्यु अनत यांच्या ‘लाल पसीना’ (1977) या हिंदी कादंबरीच्या केंद्रस्थानी हिंदुस्थानी मजूर आहे, ते स्वाभाविकच. अमिताव घोष यांनी ‘सी ऑफ पॉपीज’ (2008) मध्ये मजूर नेणारे जहाज पूर्वीचे गुलामांचे जहाज आहे, असे ठेवले. इतिहासकारांनी उशिरा जोडलेला धागा कादंबरीने एका लाकडी तळघरात जोडला.

आणि ‘आपण’ व ‘ते’ ही वाटणीही पक्की नाही. बंगाल आणि मलबार-कोरोमंडल किनाऱ्यांवरून हजारो हिंदुस्थानी गुलाम म्हणून फ्रेंच काळातच तिथे नेले गेले. पोर्ट लुईतल्या स्वतंत्र तमिळ कुटुंबांपैकी काहींच्या घरी स्वतःचे गुलाम होते. 1833 च्या मुक्तीच्या कायद्यातून ईस्ट इंडिया कंपनीचा मुलूख वगळलेला होता. इथे गुलामीची कायदेशीर मान्यता 1843 मध्ये गेली. म्हणजे ज्या बंदरातून मजूर ‘स्वतंत्र’ म्हणून जहाजावर चढत होते, त्या मुलखात माणसाची मालकी अजून कायद्याला मान्य होती.

कागद संपतो तिथे ल मोर्नचा डोंगर सुरू होतो. तिथे लपलेले गुलाम मुक्तीची बातमी घेऊन येणाऱ्या शिपायांना पाहून, पकडायला आले असे समजून कड्यावरून उड्या मारून मेले, अशी आख्यायिका आहे. या घटनेचा लेखी पुरावा नाही. काही जण ती खोटी म्हणून बाजूला ठेवतात, काही ती इतिहास म्हणूनच सांगतात. मला दोन्ही घाई वाटते. आख्यायिका त्या दिवशी काय घडले ते सिद्ध करत नाही. सरकारी गणवेशातला माणूस चांगली बातमी आणू शकतो यावर गुलामांच्या वंशजांचा विश्वास नव्हता, हे मात्र ती सांगते, आणि भरपाईचा हिशेब पाहता तो अविश्वास निराधार म्हणता येत नाही. 2011 मध्ये अहवाल देणाऱ्या मॉरिशसच्या सत्य व न्याय आयोगाने गुलामगिरी आणि करारबद्ध मजुरी दोन्ही एकत्र तपासल्या. वंशजांच्या तोंडच्या आठवणींनाही त्यात जागा मिळाली.

मराठी वाचकाला ‘गुलामगिरी’ म्हटले की जोतीराव फुले आठवतात. 1873 च्या त्या पुस्तकाची अर्पणपत्रिका अमेरिकेत गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या लोकांना उद्देशून आहे. फुल्यांनी इथल्या शूद्रातिशूद्रांच्या स्थितीला गुलामगिरी म्हटले, पण शब्द उसना घेताना मूळ धन्याचा पत्ता पहिल्याच पानावर लिहून ठेवला. तुलना अशी करता येते. गिरमिटियांवर आपण यापुढे जे लिहू, हिंदीत, भोजपुरीत, तमिळमध्ये, तेलुगूत किंवा मराठीत, त्यात 2 नोव्हेंबरच्या शेजारी 1 फेब्रुवारीही असावी. ‘ॲटलस’वरून उतरलेले 36 जण ज्या बंदरात पाय ठेवत होते, तिथे त्या दिवशी 66 हजार माणसे कुणाच्या तरी मालकीची होती. त्यांच्यावाचून त्या 36 जणांची गोष्ट पुरी होत नाही.