कच्चा लिंबू

लहानपणाची दोन वर्षं मी कच्चा लिंबू म्हणून काढली आहेत. हा हुद्दा ज्यांना ठाऊक नसेल त्यांच्यासाठी सांगतो. थोरली भावंडं लपाछपी किंवा डबा ऐसपैस खेळायला निघाली, की आई आमच्यासारख्या शेंडेफळाला त्यांच्या गळ्यात बांधायची. "यालेही घ्या रे!" आईचा हुकूम, घ्यावं तर लागे, पण घेऊन करायचं काय? मग मोठा भाऊ जाहीर करायचा, "हा कच्चा लिंबू!" म्हणजे हा पळेल, लपेल, ओरडेल, पण याच्यावर राज्य येणार नाही आणि हा आउटही होणार नाही. पहिले चार दिवस मला हे सुख स्वर्गाला लाजवणारं वाटलं. पाचव्या दिवशी बळदाच्या आडोशाला असा काही लपलो, की यंव. तासभर श्वास रोखून बसलो. कुणी शोधायला येईना. शेवटी बाहेर येऊन पाहतो, तर खेळ केव्हाच संपलेला आणि मंडळी पिठलं-भाकरीवर तुटून पडलेली. कच्च्या लिंबाला कुणी आउट करत नाही हे खरं. पण त्याला कुणी शोधतही नाही, हे त्या दिवशी कळलं.

त्यानंतर साठ वर्षांनी हा हुद्दा मला पुन्हा भेटला, तो नातवाच्या टॅबवर. फक्त आता तो इंग्रजी शिकून आला होता. त्याचं नाव क्रिएटिव्ह मोड.

खेळाचं नाव माइनक्राफ्ट. मार्कुस पेर्सन नावाच्या एका स्वीडिश माणसानं २००९ साली तो लोकांपुढे ठेवला, २०११च्या नोव्हेंबरात तो पुरा झाला, आणि २०१४ साली मायक्रोसॉफ्टनं त्याची अख्खी कंपनी अडीच अब्ज डॉलर मोजून विकत घेतली. २०२३पर्यंत या खेळाच्या तीस कोटींहून जास्त प्रती खपल्या होत्या. आमच्याकडे पुस्तकाची हजाराची आवृत्ती संपली तर लेखकाचा नारळ देऊन सत्कार करतात, म्हणून आकडा सांगितला. आणि खेळ काय, तर ठोकळे! मातीचे, दगडाचे, लाकडाचे चौकोनी ठोकळे फोडायचे नि रचायचे. सूर्यसुद्धा चौकोनी.

या खेळाचे मोड निरनिराळे. आता आमच्या भाषेत मोड येतात ते मटकीला, आणि मोडीत निघतं ते घर. पण नातवानं मला बसवून समजावलं. सर्व्हायव्हल मोड म्हणजे आपला संसार. हातात काही नाही. नुसत्या मुठीनं झाड तोडायचं, लाकडाची कुदळ करायची, तिनं दगड फोडायचा. भूक लागते. वीस मिनिटांत दिवस-रात्र आटोपते, आणि अंधार पडला की भुतं निघतात. त्यांत क्रीपर नावाचं एक हिरवं ध्यान आहे. पेर्सनसाहेब डुक्कर करायला बसले आणि लांबी-उंचीच्या आकड्यांची अदलाबदल झाली, त्या चुकीतून ते जन्मलं. ते गुपचूप मागून येतं, फुस्स करतं, आणि आपल्या घरासकट स्वतःला उडवून घेतं. क्रिएटिव्ह मोडमध्ये भूक नाही, मरण नाही, लागेल तेवढा माल फुकट, आणि वर उडता येतं. ॲडव्हेंचर मोड हा भाडेकरूचा मोड. फिरा, दारं उघडा, पण भिंतीला हात लावायचा नाही. स्पेक्टेटर मोडमध्ये भिंतीतून आरपार जाऊन सगळं पाहता येतं, मात्र कशालाही शिवता येत नाही. हा मोड मला समजावून सांगावा लागला नाही. मी रिटायर होऊन आठ वर्षं झाली आहेत.

तर मुद्दा आहे तो हे मोड मध्येच बदलण्याचा. समीक्षक या नात्यानं माझा पहिला आक्षेप इथंच होता. आज सर्व्हायव्हलमध्ये घाम गाळायचा आणि उद्या कंटाळा आला की सेटिंगमध्ये जाऊन देव व्हायचं, हे काय? ही म्हणजे एकादशी आणि दुप्पट खाशी! त्यातून हिशेबाचा घोटाळा असा, की क्रिएटिव्हमध्ये फुकट उचललेले हिरे परत सर्व्हायव्हलमध्ये आल्यावरही खिशात तसेच राहतात. कुणी विचारत नाही, बाबा रे, हे आणलेस कुठून? एकच सोय चांगली आहे. उडता उडता मोड बदलला, तर माणूस जिथं असेल तिथून सरळ खाली येतो, आणि उंची पंचवीस ठोकळ्यांची असली तर जिवानिशी जातो. खुर्ची गेलेल्या पुढाऱ्यांना हा नियम खेळाआधीपासून लागू आहे.

अर्थात मोड बदलण्यात आम्हा वाशीमकरांना कुणी शिकवावं असं नाही. आमचं गाव एके काळी वत्सगुल्म होतं. वाकाटकांच्या एका शाखेची राजधानी! पुढे इंग्रजांच्या वेळी बाशीम नावाचा जिल्हा झालो. १९०५ साली जिल्हा मोडून आम्हाला अकोल्याला जोडलं, आणि १ जुलै १९९८ला पुन्हा जिल्हा केलं. रात्री तालुका मोडमध्ये झोपलो, सकाळी जिल्हा मोडमध्ये उठलो. खिशातला माल मात्र तोच! तीच धूळ, तोच सोयाबीनचा भाव, नळाची वाट पाहणाऱ्या त्याच घागरी. बदलल्या त्या पाट्या, आणि वाढले ते जागेचे भाव. त्या भावांपायी आमच्या भावाभावांत वाटण्या झाल्या आणि आमचं धाब्याचं घर मोडीत निघालं. बळदही गेलं. आज तिथं दुकानांचा गाळा आहे.

हे सगळं मी नातवाला कधीतरी सांगितलं असावं. कारण या उन्हाळ्यात पाहतो, तर पोरगं टॅबवर ते घर बांधायला बसलेलं! आणि तेही सर्व्हायव्हलमध्ये. या खेळात मातीत पाणी ओतलं की चिखल होतो, त्या चिखलात गहू मिसळला की पक्की माती होते, आणि तिच्या विटा पडतात. एका विटेला एक गहू. मी चाटच पडलो. आमच्या आजोबांनी मातीत कुटार कालवून भिंती घातल्या, ती युक्ती स्टॉकहोमला कुणी कळवली? पोरगं आधी गहू पेरायचं, उगवायची वाट पाहायचं, कापायचं, मग चार विटा लावायचं. पंधरा दिवसांत ओसरी उभी राहिली. सोळाव्या दिवशी फुस्स झालं. ओसरी गेली.

डोळ्यांत पाणी आणून तो म्हणाला, "आबा, आता क्रिएटिव्हच करतो." त्यानं बटण दाबलं मात्र, टॅबनं इशारा दिला : या जगात एकदा क्रिएटिव्ह केलंत, तर यापुढे तुमचे पराक्रम नोंदले जाणार नाहीत. परत सर्व्हायव्हलमध्ये आलात तरीही नाहीत.

मला चेव आला. "बघ! मशीनलाही कळतं. आम्ही आयुष्यभर सर्व्हायव्हलमध्ये काढली. हे घर बांधलं ते एकेक वीट स्वतःच्या घामानं. कुणापुढे हात पसरला नाही!"

आतून भाजी निवडता निवडता आवाज आला, "मोठे आले घामवाले! स्लॅबाले पैसे कमी पडले तवा माह्या पाटल्या कुठून आल्या होत्या? आभायातून पडल्या काय?"

शांतता पसरली. नातवानं माझ्याकडे पाहिलं आणि अगदी निरागसपणे विचारलं, "आबा, म्हंजे तुम्ही बी चीट ऑन केलं होतं?"

समीक्षकावर असा प्रसंग येऊ नये. पाटल्या चार तोळ्यांच्या होत्या. पुढल्या वर्षी सोडवून आणतो म्हणालो होतो. घराला तीस वर्षं झाली. वास्तुशांतीच्या दिवशी आलेल्या प्रत्येकाला मी घामाची गोष्ट सांगितली. पाटल्यांची एकालाही नाही. त्या दिवशी ती ओक्या हातांनी वाढत होती.

त्या रात्री मी माझं परीक्षण दुरुस्त केलं. मोड बदलण्यात लबाडी नाही. बदलून न बदलल्यासारखं दाखवण्यात आहे. हा खेळ निदान आधी विचारतो, सांगून सवरून वहीत टिंब लावतो. आपल्याकडे क्रिएटिव्हमध्ये बांधलेले बंगले सर्व्हायव्हलचे म्हणून दाखवले जातात, आणि पोरांना वर कष्टाचे धडे. शिवाय फुकटच्या ठोकळ्यांना नावं ठेवण्यातही अर्थ नाही. संयुक्त राष्ट्रांच्या एका संस्थेनं २०१२पासून हाच खेळ घेऊन गावोगावच्या सामान्य माणसांना आपापल्या मोकळ्या जागांचे आराखडे करायला बसवलं. नेपाळातल्या कीर्तिपूरला एका जुन्या तळ्याच्या काठाचा असा विचार झाला. आधी मनासारखं रचून पाहायला माल फुकटच हवा. घाम नंतर आहेच.

माझा आक्षेप आता एकच उरला आहे, तो त्या कायमच्या टिंबाचा. एकदा चुकलेल्याला परत कष्टाकडे वळायचं असेल, तर त्याच्या पुढच्या कष्टांची तरी नोंद घ्यावी की नाही? आपल्याकडे प्रायश्चित्त नावाची सोय आहे. स्वीडनमध्ये नसावी.

दुसऱ्या दिवशी नातू म्हणाला, मी सर्व्हायव्हलमध्येच पुन्हा बांधतो. मी विचारलं, किती दिवस लागतील? त्यानं बोटं मोजली. "ओसरी, चौक, माजघर, बळद... दिवाळी होईन, आबा." मी काही बोललो नाही. फक्त म्हणालो, "बळद आधी करता येईल का रे?"

पोरानं माझ्या तोंडाकडे जरा वेळ पाहिलं. मग सेटिंगमध्ये गेला आणि जगाची नक्कल काढली. तशी सोय आहे या खेळात, अख्ख्या जगाची दुसरी प्रत निघते. मोड बदलण्याआधी प्रत्येकानं ती काढून ठेवावी, असा या लेखातला एकमेव उपयुक्त सल्ला मी देतो. त्याचं जग त्यानं बाजूला ठेवलं, टिंब न लागलेलं. माझ्यासाठीच्या प्रतीत क्रिएटिव्ह केलं आणि तासाभरात मातीच्या विटांचं ते घर उभं केलं. चौक, माजघर, कोपऱ्यात बळद.

"घ्या," टॅब माझ्या हातात देत तो म्हणाला. "या जगात तुम्ही कच्चा लिंबू. तुमाले कोणी आउट नाही करत."

मी माझ्या माणसाला बळदाच्या आडोशाला नेऊन उभं केलं. बराच वेळ तिथंच राहिलो. तेवढ्यात आतून हाक आली, "कुठी दडून बसले? जेवाले या!"

साठ वर्षं उशिरा का होईना, कुणीतरी शोधत आलं होतं.