‘चुप’ : समीक्षेवरील आरोपाची मर्यादा

आर. बाल्की दिग्दर्शित ‘चुप : रिव्हेंज ऑफ द आर्टिस्ट’ (२०२२) या हिंदी चित्रपटातील मारेकरी मुंबईतील चित्रपट-समीक्षकांची हत्या करून त्यांच्या कपाळावर तारे कोरतो. समीक्षा ताऱ्यांच्या हिशेबात आटोपण्याच्या प्रवृत्तीवरील हे भाष्य मार्मिक आहे. तथापि, या सूडाला दिलेले नैतिक अधिष्ठान तपासणे आवश्यक ठरते. हे अधिष्ठान म्हणजे गुरुदत्त यांचा ‘कागज के फूल’ (१९५९).

त्या चित्रपटाच्या अपयशानंतर गुरुदत्त यांनी दिग्दर्शक म्हणून पुन्हा आपले नाव दिले नाही, हे खरे. परंतु त्या अपयशात पाठ फिरविणाऱ्या प्रेक्षकाचाही मोठा वाटा होता. ‘चुप’ मात्र दोष प्रामुख्याने समीक्षकाच्या माथी मारतो. शिवाय त्या कलाकृतीला आज लाभलेली अभिजाततेची मान्यता पुढील पिढ्यांतील समीक्षकांच्या पुनर्मूल्यांकनाशिवाय दुर्लभ होती. समीक्षेने कलावंताला दुखावले असेल. परंतु त्याची कृती विस्मृतीतून वर काढण्याचे कार्यही समीक्षेनेच केले. समीक्षक गप्प झाल्यास हे कार्य कोणी करावयाचे, या प्रश्नाला चित्रपट भिडत नाही. त्यामुळे थरारपट म्हणून परिणामकारक असूनही समीक्षाविषयक चिंतन म्हणून तो एकांगी राहतो.