अजय-अतुल यांचं खरं शिखर

अजय-अतुल यांच्या कारकिर्दीचा आढावा हल्ली 'सैराट'पाशी येऊन संपतो. लॉस एंजेलिसच्या सोनी स्टुडिओत मुद्रित झालेला वाद्यवृंद म्हणजे मराठी चित्रसंगीताची परमावधी, असं सांगितलं जातं. हे मला मान्य नाही. आर्ची-परश्याचं स्वप्न त्यांच्या गावात मावणारं नव्हतं, म्हणून २०१६ साली व्हायोलिनांचा तो पूर शोभला. त्यानंतर मात्र तो सवयीचा झाला.

त्यांचं शिखर 'जोगवा'त आहे. ५६व्या राष्ट्रीय पुरस्कारांत या चित्रपटाने त्यांना संगीत दिग्दर्शनाचा मान मिळवून दिला; 'जीव रंगला'साठी हरिहरन आणि श्रेया घोषाल यांचाही गौरव झाला. तरी माझ्या लेखी 'लल्लाटी भंडार' अधिक मोठं. आमच्या हिंगोलीकडे माहूरच्या रेणुकेचा गोंधळ ज्याने रात्रभर जागून ऐकला आहे, त्याला हे गाणं लगेच कळतं. गोंधळी आधी देवतांना आवतण देतो, लय धीराने चढवतो आणि संबळ कडाडायला लागला की ऐकणाऱ्याचा स्वतःवर ताबा राहत नाही. 'जोगवा'तली देवी यल्लम्मा, वाद्य चौंडकं. पण चढण तीच. अजय गोगावले यांचा टिपेला फाटत जाणारा आवाज तिथे अंगात येण्याचं भय आणि ओढ एकाच वेळी जागवतो. 'नटरंग'मधल्या 'खेळ मांडला'त तोच आवाज एका कलावंताची मानहानी सोसतो. तमाशापटांचे जुने संगीतकार वसंत पवार आणि राम कदम यांची ढोलकी या दोन चित्रपटांत नव्याने बोलली.

बाकीचं थोडक्यात. तेलुगूतला 'शॉक' (२००६) नोंदीपुरता. 'कोंबडी पळाली'ची 'चिकनी चमेली' झाली तेव्हा चाल टिकली, गाव हरवलं. 'धडक' म्हणजे निव्वळ पुनरुक्ती.

मग २०२२च्या अखेरीस 'वेड' आला. गोष्ट तेलुगू 'मजिली'ची, सूर गोड, पण ते कुठल्याही शहराला चालले असते. तेलुगूशी माझं वैर नाही. हिंगोली निजामाच्या राज्यात होती, ती भाषा आम्हाला शेजारची. उलट त्या शेजाऱ्याकडून शिकावं. त्याच वर्षी एम. एम. कीरवाणी यांनी 'नाटू नाटू'त आपल्या मातीतला ठेका निर्धास्त वाजवला आणि २०२३मध्ये त्याला ऑस्कर मिळालं. शेजाऱ्यांनी ठेका जपला; आपण त्यांची कथा आणली आणि आपला ठेका घरी ठेवला. भव्यता वादकांच्या संख्येवर मोजणारे निर्माते याला जबाबदार आहेत, आणि त्यांना नकार न देणारे संगीतकारही.

म्हणून अजय-अतुल यांच्याकडे थेट मागणं आहे. पुढच्या चित्रपटासाठी परदेशी स्टुडिओ ठरवण्याआधी मराठवाड्यातले संबळवाले, हलगीवाले बोलवा, त्यांना पूर्ण मोबदला द्या आणि श्रेयनामावलीत त्यांची नावं ठळक छापा. 'जोगवा' तुम्हीच केला आहे. त्याहून कमी आम्ही का स्वीकारावं?